प्रतिवादी क्रमांक सात

सोहारच्या मासळीबाजारामागे
शीतगृहात माझी रात्रपाळी.
बाहेर छत्तीस अंश, रात्रीचे अडीच.
आत सुरमई निजलेली, उणे अठरा.
दर तासाला काटा बघायचा, वहीत लिहायचं, सही करायची.
तेरा वर्षं थंडी राखतोय.

काल भाच्याने मोबाइलवर पाठवली
एकशे बारा पानं.
जनहित याचिका.
क्रमांक एक राज्य शासन, दोन आरोग्य सचिव,
तीन खरेदी कक्ष, मग कोण कोण,
आणि सात : मुनाफ अब्दुल लतीफ हमदुले, संचालक,
नौशीन सर्जिकल्स अँड फार्मा.
पत्ता आमच्या घराचा.
दारातला फणस तेवढा लिहायचा राहिला.

संचालक!
पगारपत्रकावर मी टेक्निशियन, श्रेणी ब.
चार वर्षांपूर्वी मेव्हण्याने पासपोर्टची झेरॉक्स मागितली,
म्हणाला, बँकेचं काम आहे, भावजी.
मी दोन पाठवल्या.
एक जास्तीची, हरवली तर.

परिच्छेद एकोणीस वाचला
कंप्रेसरच्या घरघरीत, एक हातमोजा काढून :
सर्पदंशाच्या लशीच्या नऊ हजार कुप्या,
बाजारभावाच्या तिप्पट दराने;
निविदा तीन, तिन्हींवर फोन नंबर एकच;
मुदतीच्या तारखेवर नवी चिठ्ठी चिकटवलेली;
साठवण : पत्र्याचं गोदाम, मे महिना.
दोन ते आठ अंश, असं खोक्यावर छापलेलं होतं म्हणे.

पत्र्याचं गोदाम. मे महिना.
आणि मी इथं मेलेल्या माशाला
उणे अठराच्या वर जाऊ देत नाही.

परिच्छेद सव्वीस :
काजूच्या बागेत फुरसं चावलेली बाई, वय बावीस.
सहा कुप्या दिल्या. रक्त थांबलं नाही.
नावाचं फक्त आद्याक्षर.
आमच्या पंचक्रोशीत त्या अक्षराच्या किती जणी,
बोटांवर मोजू लागलो.
मग मोजणं सोडलं.

अर्जदार : यमुना गंगाराम पाष्टे, निवृत्त परिचारिका.
पाष्टेबाई!
नौशीनला पहिला डोस त्यांनीच दिला.
खांद्याला बर्फपेटी, गुडघाभर व्हाळ ओलांडून आलेल्या.
कुपी फोडायच्या आधी पेटीत हात घालून
चाचपत बसल्या कितीतरी वेळ.
वितळला नाही ना बघते हो,
नाहीतर पोरीला नुसतं पाणीच टोचायची मी.

मेव्हणा फोनवर म्हणतो, गप्प राहा.
कोर्ट इकडे, तुम्ही तिकडे, मधे दर्या आहे.
मग आवाज उतरवून,
वरच्या मजल्याचा स्लॅब काय तुमच्या माशांनी टाकला?
बायको फोन धरून नुसती श्वास घेत राहते.
तिचाच भाऊ. तिचीच मुलगी.

निविदेवरची सही बोटांनी मोठी करून पाहिली.
वळणदार, इंग्रजी, खाली ऐटीत रेघ.
मी आजवर इंग्रजीत सही केलेली नाही.
मास्तरांनी गिरवून घेतलं तसंच, मराठीत, मुनाफ,
फ चं पोट जरा फुगलेलं.
एकोणतीस वह्यांत आहे ती, तासागणिक.
कुणाला पडताळायची असेल तर
इथं ओल धरलेली का होईना, सगळी पानं शाबूत आहेत.

वकीलबाई म्हणतात, शपथपत्र करा,
मस्कतच्या दूतावासाचा शिक्का लागेल.
बस रविवारी पहाटे.
पासपोर्ट अबू सालेमच्या कपाटात.
कशाला हवा, त्याने विचारलं.
जनहिताला अरबीत काय म्हणतात मला ठाऊक नाही.
मोडक्यातोडक्यात म्हणालो,
माझ्या मुलीचं नाव कुणीतरी नेलंय, ते आणायचंय.
तो बराच वेळ बघत राहिला, चहा गार होईपर्यंत.
शनिवारी ये, म्हणाला.

आज गुरुवार.
साडेतीन वाजले. काटा उणे सोळावर.
मागचं दार नीट लागलं नव्हतं.
लावलं, पुन्हा ओढून पाहिलं.
लिहिलं : दार उघडं राहिलं, चूक माझी.
सही केली.